सरूच्या हळदीची कॅसेट

कैलासकडे मी पहिल्यांदा गेलो तो भांडायला. आमच्या गंधारच्या मुंजीची कॅसेट मी त्याच्याकडे डिजिटल करायला पाठवली होती. आठ दिवसांत देतो असं फोनवर म्हणाला होता, त्याला तीन आठवडे उलटले. गंधार तिकडे परदेशात बसून रोज विचारत होता आणि मी इथे अंबरनाथला बसून रोज तापत होतो. माझ्या नाकावर राग असतो असं कुंदा म्हणते. बायकोच ती, तिला माहीत असणारच. शेवटी एका सकाळी रिक्षा केली आणि उल्हासनगरला, चार नंबर कॅम्पात त्याच्या गाळ्यावर जाऊन थडकलो.

गाळा जेमतेम दहा बाय बाराचा. एका बाजूला शिलाई मशीन दुरुस्त करणारा, दुसऱ्या बाजूला चेनी आणि बटणं किलोवर विकणारा सिंधी दुकानदार. आत जमिनीपासून छतापर्यंत कॅसेटा. खाली सतरंजीवर मांडी घालून पंचावन्न-छप्पन वर्षांचा एक आडव्या अंगाचा माणूस बसलेला, कानावर पेन्सिल. त्यानं माझी सगळी बडबड ऐकून घेतली आणि म्हणाला, "साहेब, बसा. तुमच्या पोराच्या मुंजीला बुरशी लागलीय. तशीच मशीनमध्ये घातली असती ना, तर मशीननं मुंज खाल्ली असती."

मग त्यानं माझ्यासमोर कॅसेटचे पाच स्क्रू काढले. आतल्या काळ्या टेपवर पांढरी भुकटी धरली होती. धुवट धोतराचा तुकडा स्पिरिटमध्ये बुडवून तो ती टेप वीत वीत पुसत होता. अडीचशे मीटर टेप! मी बत्तीस वर्षं एका केमिकल कंपनीत क्वालिटी कंट्रोलला काढली आहेत. काम बघितलं की माणूस कळतो. माझा राग कुठल्या कुठे गेला आणि मी विचारलं, "ह्या एवढ्या कॅसेटांची यादी कुठाय?"

"यादी डोक्यात," तो म्हणाला.

ते ऐकून मात्र मला पुन्हा राग आला. दुसऱ्या दिवशी मी एक जाड वही आणि फूटपट्टी घेऊन गेलो, ते आजतागायत जातोच आहे. "भांडायला गेलात आणि नोकरीला लागून आलात," असं कुंदा येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगते.

कैलासचं गाव बदलापूरच्या पलीकडे, बारवी धरणाच्या रस्त्याला. घरची भातशेती. एकोणनव्वद साली त्यानं सेकंडहँड व्हिडिओ कॅमेरा घेतला आणि पुढची सतरा-अठरा वर्षं त्या पट्ट्यातली बहुतेक सगळी लग्नं त्यानं काढली. आमच्या गंधारची मुंजही त्यानंच काढलेली, हे मला गाळ्यावर कळलं. नंतर मोबाइल आले, ड्रोन आले, नवी पोरं आली. कैलासनं कॅमेरा ठेवून दिला, पण कॅसेटा टाकल्या नाहीत. उलट, बंद पडलेल्या स्टुडिओवाल्यांच्या कॅसेटा भंगारात जाण्याआधी गोळा करत सुटला. पावसाळ्यात बुरशी लागू नये म्हणून कपाटात चोवीस तास चाळीसचा बल्ब लावून ठेवायचा. घरचे लोक त्याला येडा म्हणत, आणि शेजारचा सिंधी 'साईं, ये कचरा कब बेचोगे' म्हणून रोज चिडवायचा.

तो कचरा आहे असं मुंबईच्या माहितीपटवाल्यांना वाटत नव्हतं. त्यांना जुनं बदलापूर हवं असायचं, जुनं अंबरनाथ हवं असायचं. ते कुणी मुद्दाम कशाला काढून ठेवलंय? पण लग्नाच्या वरातीत नवरदेवाच्या मागे गाव असतं. आज जिथे वीस मजली इमारती आहेत तिथे कैलासच्या कॅसेटमध्ये भाताची खाचरं आहेत, विहिरीवर रहाट आहे, महाशिवरात्रीच्या जत्रेतले पाळणे आहेत. 'कुणाकडे नसेल तर कैलासकडे असेल', असं त्या लोकांत झालं होतं. त्यांना हवा तो तुकडा सापडावा म्हणून मी वहीत रकाने आखले. साल, गाव, प्रसंग, मागे काय दिसतं, दृश्यात कोण. आणि भिंतीवर एक कागद लावला. 'मूळ टेपमधलं काहीही कापायचं नाही. जसं आहे तसं.' हा नियम माझा. कैलास मान डोलवायचा.

दोन-अडीचशे कॅसेटा बघून झाल्यावर एक गोष्ट माझ्या डोळ्यांत खुपायला लागली. हळद लावणाऱ्या बायकांची रांग चाललेली असायची. एक झाली, दुसरी झाली, तिसरी झाली, आणि मधेच कॅमेरा वर जायचा. मांडवाची झालर, नाहीतर गरगरणारा पंखा. चार सेकंद, सहा सेकंद. मग पुन्हा खाली, पुढची बाई.

"कैलासराव, तुम्हाला पंख्याचा एवढा सोस का?" मी एकदा थट्टेनं विचारलं.

तो हसला नाही. त्या दिवशी विषय टाळला. दुसऱ्या दिवशी चहा पिताना आपणहून म्हणाला, "साहेब, ती विधवा बाई असायची. पहिल्याच वर्षी एका लग्नात नवरदेवाची काकी घेतली मी, कपाळ मोकळं असलेली. सगळा गाव बसून कॅसेट बघत होता, आणि ती दिसली तशी आरडाओरड झाली. शुभकार्यात अपशकुन म्हणून कॅसेट माझ्या अंगावर फेकली. तेव्हापासून कुणी सांगायला लागलं नाय. हात आपला आपण वळायचा."

मी घरी गेलो आणि गंधारची मुंज पुन्हा लावली. माझी विधवा मावशी, जिनं मला लहानाचं मोठं केलं, जी त्या मुंजीचे चारही दिवस स्वयंपाकघर सांभाळत होती, ती त्या तीन तासांत एकदाही दिसली नाही. आम्ही कैलासला तसं काही सांगितलेलं नव्हतं. पण तीस वर्षांत ती कॅसेट आम्ही पाच-सहा वेळा बघितली असेल, आणि मावशी कुठे आहे, असं आमच्यातल्या एकानंही विचारलं नाही. मला फार लाज वाटली. कुंदा त्या दिवशी नीट जेवली नाही.

कैलासच्या स्वतःच्या घरात अशी एक बाई होती. अंजनी, त्याच्या थोरल्या भावाची, रघूची बायको. पंच्याण्णव साली रघूला हायवेवर टेम्पोनं उडवलं. अंजनी चोवीस वर्षांची, पदरात वर्षाची पोरगी, अक्षदा. कैलासचं काम तेव्हा जोरात होतं, पण एक अडचण होती. नवरीच्या खोलीत, बायकांच्या हळदीत परका लाईटवाला कुणी घेईना. मग अंजनी लाईट धरायला जाऊ लागली. तो हॅलोजनचा दिवा, हातात निखारा धरल्यासारखा तापायचा. मुठीला ओला टॉवेल गुंडाळून ती तासन् तास उभी राहायची. विधवा बाई लाईट धरून कॅमेऱ्याच्या मागे उभी राहिली तर कुणाची हरकत नव्हती. तीन मोसम तिनं असे काढले. अठ्ठ्याण्णवच्या पावसाळ्यात कावीळ झाली आणि आठ दिवसांत गेली. अक्षदा चार वर्षांची होती. तिला आजीनं, म्हणजे कैलासच्या आईनं, बनूबाईनं वाढवलं.

ही अक्षदा आता तीस वर्षांची आहे, बदलापूरला एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम करते. तिला एक लहान मुलगी आहे, पिंकी. गेल्या डिसेंबरात ती गाळ्यावर आली. मी वहीत डोकं घालून बसलो होतो. नेहमीसारखा आणलेला डबा तिनं काकापुढे ठेवला आणि उभ्या उभ्याच म्हणाली, "काका, आमची पिंकी काल विचारत होती, तुझी आई कशी बोलायची? मला नाय सांगता आलं. एक फोटो आहे आईचा, लग्नातला, त्यात पण मान खाली. तुझ्याकडं सतराशे कॅसेटा आहेत. त्यात माझी आई एकदा पण नाय?"

कैलासनं डब्याचं झाकण उघडलं आणि परत लावलं. "बघतो," म्हणाला.

तिला कसं सांगायचं ते त्याला कळत नव्हतं, म्हणून तिच्यामागे मला सांगत बसला. चेहरा तर मिळणारच नाही, ती कायम कॅमेऱ्यामागे. आवाज? लग्न झालं की कॅसेट मिक्सिंगला जायची आणि तिच्यावर सुरुवातीपासून शेवटपर्यंत सिनेमाची गाणी चढवली जायची. माणसांची बोलणी खाली गाडली जायची. ज्याच्यावर मूळ आवाज असे ती कच्ची कॅसेट मिक्सिंग झालं की पुसून पुढच्या लग्नाला वापरायची, सगळेच तसं करत. म्हणजे अंजनी मिळायची तर एखाद्या कच्च्या कॅसेटमध्येच, आणि कच्च्या कॅसेटा त्यानं स्वतःच्या हातानं पुसलेल्या. "ज्याच्यासाठी लोक माझ्याकडं येतात, तेच घरच्या पोरीला देता येत नाय," तो म्हणाला.

तरी आम्ही शोधलं. दोन महिने. गाळ्याच्या कोपऱ्यात एक गोणी होती, तिला हात लावला की कैलास म्हणायचा, "ती सोडा साहेब, खराब कॅसेटा आहेत." मी सोडणाऱ्यातला नाही. खराब माल असला तरी त्याची नोंद होतेच, हे मी बत्तीस वर्षं लोकांना शिकवलं. फेब्रुवारीत एका सकाळी तो बँकेत गेला असताना मी गोणी उपडी केली. तळाशी एका कॅसेटवर पिवळा पडलेला कागद चिकटवलेला होता. 'सरू हळद – खराब'. साल शहाण्णव.

सरू म्हणजे सरस्वती, कैलासची धाकटी बहीण. तिच्या लग्नाची तयार कॅसेट आम्ही पाहिली होती, पण ती लग्नाच्या सकाळपासून सुरू होत होती. हळद त्यात नव्हतीच. म्हणजे ही कच्ची, कधीच न पुसलेली. मी एवढा खूश झालो की कैलास परत आल्यावर त्याच्यासमोर ती नाचवली.

त्यानं ती माझ्या हातातून काढून घेतली. "सुरुवातीलाच मशीनमध्ये अडकून चुरगळली होती," तो म्हणाला. "म्हणून टाकली. साहेब, ह्या हळदीचं नाव आमच्या घरात कुणी काढत नाय."

मग त्यानं सांगितलं. सरूच्या हळदीला अंजनी लाईट धरून उभी होती. हळद लावायची तिची फार इच्छा होती, कारण सरू तिच्याच हाताखाली मोठी झालेली. पण आईनं, बनूबाईनं, तिला लावू दिली नाही. विधवेनं लावू नये म्हणून मागे सारली. अक्षदा बारा-तेरा वर्षांची असताना तिनं विचारलं होतं, माझी आई आत्याच्या लग्नात का दिसत नाही? तेव्हा कैलासनंच तिला हे सांगितलं. त्या दिवसापासून पोरगी आजीशी तुटक वागायला लागली. ज्या आजीच्या कुशीत झोपायची तिच्या हातचं पाणीसुद्धा मागेना.

"आणि अक्षदाच्या हळदीला तर..." म्हणून तो थांबला.

तेही त्यानं सांगितलं. दोन हजार एकोणीस साली अक्षदाचं लग्न झालं. तोवर बनूबाई स्वतःही विधवा झालेली. हळदीला म्हातारी हातात हळद घेऊन पुढे आली, आणि अक्षदा भर मांडवात म्हणाली, "आजी, तू नको. माझ्या आईला तू लावू दिली नव्हतीस." म्हातारी मागे जाऊन बसली. तीन वर्षांनी गेली, पण त्या दिवसाबद्दल तिनं कधी तोंड उघडलं नाही. अक्षदा शेवटच्या आजारपणात एकदाच येऊन गेली, तीही दारातून.

"जुनी माणसं तशीच होती साहेब," कैलास म्हणाला. "आईला तरी काय बोलणार."

चार दिवस तो त्या एका कॅसेटवर बसला होता. चुरगळलेली टेप कापून टाकून जोड मारला असता तर अर्ध्या तासाचं काम होतं. पण त्यानं ती दोन काचांमध्ये दाबून ठेवली, मग बोटांनी एकेक घडी मोडली. सगळी टेप पुसून नव्या खोक्यात भरली. मशीनचं हेड कोऱ्या कागदावर स्पिरिट लावून स्वच्छ केलं. "ही एकदाच चालेल," म्हणाला. "टेपवरचा मसाला सुटायला लागलाय. पहिल्या फेरीतच कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायची." अक्षदाला रविवारी बोलावलं होतं. आम्ही शुक्रवारी सकाळी लावली. पोरीसमोर रिकामी निघायला नको म्हणून.

आधी नुसत्या रेघा. मग चित्र थरथरत उभं राहिलं. पाटावर सरू, हळदीनं माखलेली, डोळे गच्च मिटलेले. बायकांचा कालवा, लांब कुठेतरी बँजो. दिव्याचा उजेड सरूच्या तोंडावर स्थिर. तो धरणारीचा हात जराही हलत नव्हता. मग एका म्हातारीचा खणखणीत आवाज आला, आणि कैलास पुढे सरकला.

"अंजने, दे ती लाईट कौसाकडं. तू पन लाव हलद."

"आई," कैलास माझ्याकडे न बघता म्हणाला. "कौसाबाई आमची शेजारीण."

पडद्यावर कुणीतरी हसलं. मोकळं, थोडं घोगरं हसणं. "मी? मी कशाला, आई?"

"लाव म्हनते ना. तुझ्या हाताखाली वाढली ती."

उजेड हिंदकळला. दिवा एका हातातून दुसऱ्या हातात गेला असणार. डावीकडून एक हात चित्रात आला. मनगटात बांगडी नाही, बोटं चटक्यांनी काळवंडलेली. तो हात हळदीच्या वाटीत बुडाला. आणि तेवढ्यात माइकच्या अगदी जवळून, सगळ्या आवाजांवर चढून, एक तरुण आवाज आला.

"वहिनी, थांब. तू नको येव मधी."

"येव दे की रं तिला," म्हातारी म्हणाली. "घरातलीच हलद हाय."

"आई, तुला कलत नाय. हलद धुतली की जाते. कॅसेट ऱ्हाते. उद्या लोकं बघतील."

हात वाटीवरच थबकला होता. मग तो घोगरा आवाज म्हणाला, "बरं बरं भावजी, झाले बाजूला. तुमची कॅसेट चांगली येव द्या." ती हसली. पण आधीसारखं नाही.

कॅमेरा वर गेला. मांडवाची झालर. अकरा सेकंद मी मोजले.

कैलासनं पूर्ण टेप उतरेपर्यंत मशीनला हात लावला नाही. सवय. मग सगळं बंद करून भिंतीला टेकून बसला. शेजारच्या गाळ्यात शिलाई मशीनची ट्रायल चालली होती, तिचाच आवाज येत होता.

"मला खरंच तसंच आठवत होतं, साहेब," तो म्हणाला. "देवाशप्पथ. आई नको म्हणाली, असंच आठवत होतं."

माझा स्वभाव असा की खोटं बोलणारा समोर आला तर मी त्याला फाडून खातो. पण हा खोटं बोलत नव्हता. त्याला खरोखर तसंच आठवत होतं, आणि पंधरा-सोळा वर्षं त्याची आई ते ऐकत गप्प बसली होती. मी जे बोललो ते सांगायला मला लाज वाटते. मी म्हणालो, "कैलासराव, तुमचं बोलणं काढून टाका. आईचंही काढा. वहिनींचं हसणं ठेवा, तो हात ठेवा. पोरीला तिची आई मिळेल. बाकी कुणाला कळणार आहे?"

त्यानं भिंतीवरच्या माझ्या कागदाकडे बघितलं. मी मान खाली घातली.

"एकदा कापली तिला," तो म्हणाला. "आता नाय. आणि आईला पण सोडवायला पायजे ना साहेब. ती तर गेली तशीच."

रविवारी सकाळी अक्षदा आली. पिंकीला नवऱ्याकडे ठेवून एकटीच. कैलासनं तिला खुर्ची दिली, स्वतः तिच्या मागे उभा राहिला. मी उठून जायला निघालो तर म्हणाला, "तुम्ही बसा साहेब." बहुधा त्याला एकट्याला झेपणार नव्हतं.

'मी? मी कशाला, आई?' हे ऐकलं आणि अक्षदानं तोंडावर हात ठेवला. तिचे डोळे भरले होते पण ती हसत होती, तेच हसणं, थोडं घोगरं. मी तिला इतक्यांदा भेटलो होतो, पण ते हसणं कुणाचं आहे ते मला तेव्हा कळलं. मग हात आला. ती पडद्याच्या इतकी जवळ गेली की नाक लागेल. आणि मग पुढचं सगळं आलं. तिनं हात तोंडावरून काढला नाही. झालर आली आणि गेली.

"परत लाव," ती म्हणाली.

त्यानं परत लावली. मग आणखी एकदा. तिसऱ्या वेळी ती अंजनीकडे बघत नव्हती. आजीचा आवाज आला की पुढे झुकत होती. 'येव दे की रं तिला.' मी आयुष्यात पुष्कळ कडक माणसं पाहिली, पण त्या पोरीचा चेहरा तेव्हा जसा झाला तसा मला पुन्हा बघायचा नाही.

कैलास म्हणाला, "अक्षू, मी..."

"माझ्या हळदीची फाईल आहे ना तुझ्याकडं?" तिनं विचारलं. वळून न बघताच.

होती. त्याच्याच ओळखीच्या पोरांनी काढली होती ती. कैलासनं शोधून लावली. लखलखीत चित्र, ड्रोनवरून दिसणारा मांडव, आणि वर गाणं चढवलेलं. तेवीस वर्षांत कॅमेरे बदलले, पण ती खोड गेलेली नाही. अक्षदानं स्वतःच माऊस घेतला आणि थेट त्या जागी नेऊन सोडला. तिला ती जागा बरोबर माहीत होती.

बनूबाईला मी प्रथमच बघत होतो. वाकलेली, पांढरं पातळ, तळहातात ओली हळद. ती पुढे आली. पाटावरच्या अक्षदाचे ओठ हलले. गाण्यामुळे शब्द ऐकू आले नाहीत, पण काय ते आम्हा तिघांनाही ठाऊक होतं. म्हातारी थांबली. तिनं नातीकडे बघितलं नाही. तिनं मान उजवीकडे वळवली, जिथे चित्राच्या कडेला कैलासचा खांदा आणि अर्धा चेहरा दिसत होता. पुष्कळ वेळ ती त्याच्याकडे बघत राहिली. मग मागे सरून तिनं हातातली हळद मांडवाच्या खांबाला पुसली आणि चित्रातून निघून गेली.

अक्षदानं तिथेच थांबवलं. खांबावर पिवळी बोटं उमटली होती.

"आजी तुझ्याकडं बघते, काका."

"हो."

"आणि तू कुठं बघत होतास?"

कैलासनं पडद्यावरच्या स्वतःच्या अर्ध्या चेहऱ्याकडे बघितलं. चित्रातल्या त्याची नजर आईकडे नव्हती. ती कॅमेरा धरलेल्या पोराकडे होती आणि हात थोडा उचललेला होता, काहीतरी सांगत असल्यासारखा.

"त्या पोराला फ्रेम सांगत होतो," तो म्हणाला. "म्हणालो, म्हातारीला नको घेऊ."

अक्षदा उठली. दोन्ही फाईली एका पेन ड्राइव्हमध्ये भरून मागितल्या, तेवढ्या होईपर्यंत दाराशी उभी राहिली. पेन ड्राइव्ह पर्समध्ये टाकला, चपला घातल्या. एरवी ती निघताना 'येते काका' म्हणते. त्या दिवशी ती नुसतीच गेली.

त्याला आता चार महिने झाले. कैलास रोज गाळ्यावर येतो, टेपा पुसतो, माहितीपटवाल्यांना जुनी खाचरं आणि रहाट काढून देतो. त्या कॅसेटची नोंद वहीत त्यानं मला स्वतः करायला लावली. 'दृश्यात कोण' ह्या रकान्यात मी लिहिलं, सरू, अंजनीचा हात. मग आवाज कुणाकुणाचे, त्यासाठी त्यानं एक नवा रकाना आखायला सांगितला. अंजनी, बनूबाई, असं लिहून मी थांबलो, तर त्यानं माझ्या हातातून पेन घेतलं आणि तिसरं नाव आपल्या हातानं लिहिलं. डब्याची वेळ झाली की तो अजूनही एकदा दाराकडे बघतो.